टॅकोची चटणी, करिमाच्या घरची

पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर एकटी बाई बसलेली आहे. मागे पत्र्याची शेड. डाव्या अंगाला कांडपाचं यंत्र, त्याची चार लोखंडी मुसळं उन्हात चमकताहेत. उजवीकडे चूल, तिच्यावर काळीभोर कढई. पुढच्या ओट्यावर पत्र्याचे डबे रांगेत, आणि कुणाचा डबा कुणाच्या घरी जायचा हे कळावं म्हणून प्रत्येकाच्या कडीला वेगळ्या रंगाची चिंधी. हवेत तिखट एवढं, की रस्त्यानं जाणारा माणूस दोनदा शिंकून पुढं जातो.

ही बाई म्हणजे करिमाभाभी. आमच्या इंदापुरात तिच्या कांडपासमोर माझी खोली आहे. तमाशाच्या फडातून उतरलो, तोंडाचा रंग पुसला आणि इथं येऊन राहिलो, त्याला चौदा वर्षं झाली. तेव्हापासून रोज सकाळी माझी खुर्ची दारात आणि समोर हिचा प्रयोग. तिकीट नाही, उलट चहा मिळतो.

करिमा मूळची बारामतीची. लग्न होऊन इंदापुरात आली आणि पंधरा वर्षांनी तिच्या नवऱ्यानं, अल्लाबक्षनं, बारामतीहून टेंपोत घालून हे यंत्र आणलं. तो गेल्यावर तिनं एकटीनं चालवलं. आमच्याकडं वर्षाच्या मसाल्याला चटणी म्हणतात. मार्च लागला की आसपासच्या गावांतल्या बाया मिरची, धने, खोबरं, वाळवलेला कांदा घेऊन येतात आणि ओट्यावर नंबर लावून बसतात. सामान ज्याचं त्यानं आणायचं. भाजून, कुटून देणार करिमा.

या कांडपावर एक रीत आहे. कुटणारीनं चटणीची चव घ्यायची नाही. मुसळं थांबली की पहिली चिमूट मालकिणीच्या तळहातावर. तिनं ती जिभेला लावायची, करिमानं विचारायचं, "चटणी कुनाच्या घरची?" आणि तिनं म्हणायचं, "आमच्या घरची." हे शब्द आल्याशिवाय चटणी डब्यात पडत नाही. एकतीस वर्षांत एकाही बाईनं ते शब्द म्हणायला नकार दिला, असं झालं नाही. करिमा हे कुणाला सांगत बसत नाही. पण चिमूट ठेवताना तिची मान किती ताठ असते, ते मी पाहिलंय. आमच्या फडात राजाचं काम करणाऱ्याला तशी मान धरायला वर्ष लागायचं.

तर गेल्या एप्रिलात काय झालं, ते सांगतो.

करिमाची नात मुबशिरा लोणी देवकरच्या एका कारखान्यात नोकरीला लागली. आईबाप बारामतीला, पण कारखाना इथून जवळ म्हणून ती दादीकडं राहते. एका बुधवारी ती कामावरून आली आणि कढईपाशी बसकण मारून म्हणाली, "दादी, रविवारी माझ्याबरोबरची सहा जणं जेवायला येणार. टॅको करायचेत."

"ते काय असतंय?"

"मक्याची कुरकुरीत भाकरी, मधे दुमडलेली. आत खिमा, कांदा, टोमॅटो. त्याचा एक मसाला असतो, पाकिटात मिळतो. पण मी सांगून बसलेय, माझी दादी मसाला घरी करते, पाकीट आमच्या दारात येत नाही."

"सांगून बसलीस?"

"सगळ्यांना."

करिमानं माझ्याकडं बघितलं. "तात्या, ऐका. नातीनं माझी जाहिरात केली."

"मग आता खेळ लावावाच लागणार," मी म्हणालो.

मुबशिरानं फोनमधून सामान वाचलं. जिरं, धने, लाल मिरची, लसणाची पूड, कांद्याची पूड आणि ओरेगानो म्हणून एक पाला. पाला तिच्याकडं होता. पिझ्झाबरोबर येणाऱ्या बारक्या पुड्या तिनं वर्षभर डब्यात साठवल्या होत्या. करिमानं एक पुडी उताणी करून पाहिली. "ह्या एवढ्याशा पुडीसाठी मुसळं चालवायची व्हय?"

कांदा तिचा स्वतःचा, पत्र्यावर वाळवलेला. मिरची बेडगी. तिचा हात सवयीनं दगडफुलाकडं गेला, तो मुबशिरानं धरला. खोबऱ्याकडं गेला, तोही धरला.

"मग ह्याच्यात हाय काय?" करिमा म्हणाली. "नुसतं जिरं?"

गुरुवारी सकाळी कढई तापली. जिरं उतरलं, धने उतरले, मिरची उतरली. मी दारात बसून पेपर वाचत होतो. शेवटी करिमानं लसणाची विकतची पूड कढईत ओतली. तिच्या कांडपावर भाजल्याशिवाय काहीही मुसळाखाली जात नाही, म्हणून पूडही भाजायला घेतली. तयार पूड पुन्हा भाजायची नसते, हे तिला कोण सांगणार? मुबशिरा आत अंघोळीला गेली होती.

मला रस्त्यापलीकडं वास आला. करपल्याचा, कडू, घशाला लागणारा. मला वाटलं कुणी काही पेटवलंय. मान वर केली तर करिमा त्या धुरात शांतपणे उलथनं फिरवत होती. चेहऱ्यावर काही नाही. मुबशिरा ओल्या केसांनी धावत बाहेर आली आणि तिनं कढई फडक्यानं धरून खाली उतरवली.

"दादी, करपलंय. तुला वास नाही आला?"

करिमानं उलथनं कढईच्या काठावर ठेवलं, ते घसरलं, परत ठेवलं.

"दादी?"

"चार वरसं झाली," ती म्हणाली. "त्या साथीत ताप आला व्हता ना मला. ताप गेला, खोकला गेला. वास काय परत आला न्हाय."

मी पेपर घेऊन तसाच रस्ता ओलांडून आलो. चार वर्षं रोज हिच्या हातचा चहा प्यालो आणि मला पत्ता नाही. माझं म्हणाल तर फडातली शेवटची पाच वर्षं रातांधळेपणानं मला दिव्यांपलीकडचं काही दिसत नव्हतं. पावलं मोजून मी प्रवेश करायचो आणि पावलं मोजून जायचो. फडात एकालाही कळू दिलं नाही. त्यामुळं तिला का सांगितलं नाहीस, असं विचारायचं माझं तोंड नव्हतं.

"मग चटण्या?" मुबशिरानं विचारलं. "चार वर्षांच्या?"

"कानानं," करिमा म्हणाली. "जिरं आधी तडतड करतंय, मग त्याचा आवाज बारीक हुतो. तितं काढायचं. धने बोटात धरून चोळायचं. मिरची कानापाशी मोडायची, कशी मोडली ते ऐकायचं. ही पूड बोललीच न्हाय. न बोलनाऱ्या मानसाचं मी काय करू?"

मुबशिरा हसली, मग एकदम थांबली.

"कुनाला सांगू नगंस," करिमा म्हणाली. "तात्या, तुमी बी. रविवारी वरकुट्याची ठमाबाई येनार हाय. अठ्ठावीस वरसं तिची चटणी माझ्याकडं हाय. तिच्यामागं निम्मं वरकुटं येतंय. तिला कळलं की बिननाकाची बाई आपली चटणी भाजतीय, तर ती पोती उचलून जाईल दुसरीकडं. आन् तिचं चुकलं असं मी म्हननार न्हाय."

आम्ही दोघांनी कबूल केलं.

शनिवारी दुसरा घाणा. या वेळी मुबशिरा कढईवर वाकून बसली आणि दादी बाजूला, डोळे मिटून.

"कसला वास येतोय?"

"छान."

"छान कशाचं नाव हाय व्हय? नीट सांग. वल्ल्या गवताचा, का शेंगांचा?"

"शेंगांचा. थोड्या कच्च्या."

"मग थांब. आता?"

"आता भाजलेल्या."

"व्हय. मला बी तेच ऐकू आलं. काढ."

लसणाची पूड कच्चीच मिसळली. मुसळं फिरली, थांबली. करिमानं चिमूट उचलली आणि नातीच्या तळहातावर ठेवली. मुबशिरानं ती जिभेला लावली. पण म्हणणार काय? हा मसाला इंदापुरात कुणाच्याच घरचा नव्हता. ती म्हणाली, "दादी, ह्याला कुणाच्या घरची म्हणू?"

"ते उद्या खानाऱ्याला विचार," करिमा म्हणाली.

रविवारी दिवस कलायच्या आधी पोरं आली. चार मुली, दोन मुलगे. शेडखाली सतरंजी पसरली. मक्याच्या भाकऱ्या मुबशिरानं तव्याच्या काठावर दुमडून कुरकुरीत केल्या होत्या. एका पातेल्यात खिमा, दुसऱ्यात न खाणाऱ्यांसाठी मटकी, दोन्हीत तोच मसाला. पहिल्या घासाला सगळे बोलत होते, दुसऱ्याला गप्प. माधवी नावाची एक मुलगी पातेल्यातला खरपुडा बोटानं काढून खात होती. ती म्हणाली, "आजी, पाकिटाचा मी खाल्लाय. त्याला नुसता वास असतो. हा पोटात जातोय."

करिमा पदर नीट करत राहिली. मान मात्र ती, राजाची.

तेवढ्यात रिक्षातून ठमाबाई उतरली. मागं मिरचीची दोन पोती आणि बाकी सामानाचं बोचकं. सत्तरीची बाई, कुणाची भीड न ठेवणारी.

"करिमा, हितं जत्रा भरलीय का काय? आन् ही पोरं पापड मोडून का खात्यात?"

"बसा, ठमाबाई. तुमी बी मोडा."

मुबशिरानं मटकीचा टॅको तिच्या हातात दिला. ठमाबाईनं चावा घेतला, अर्धी मटकी लुगड्यावर सांडली. "खायचं कसं ह्ये? एका बाजूनं खावं तर दुसऱ्या बाजूनं पळतंय." पण खाल्ला. दुसरा मागून घेतला. मग अठ्ठावीस वर्षं करिमा तिला विचारत आली तो कांडपावरचा प्रश्न तिनं करिमालाच विचारला.

"चटणी कुनाच्या घरची?"

एकतीस वर्षं करिमानं लोकांच्या घरच्या चटण्या कुटल्या. हा प्रश्न तिला कुणी विचारलाच नव्हता.

"माझ्या," ती म्हणाली.

ठमाबाईनं मान डोलावली. मग कमरेची पिशवी सोडली आणि मूठभर धने काढून करिमाच्या नाकाशी धरले. "औंदा धने जरा जुनं वाटत्यात. वास घिऊन सांग, चालतील का?"

मुबशिरा पटकन पुढं झाली. "आजी, मला द्या, मी..."

करिमानं तिला हातानं मागं सारलं. धने आपल्या मुठीत घेतले.

"मला वास येत न्हाय, ठमाबाई. चार वरसं झाली. तुमच्या चार वरसांच्या चटण्या मी कानानं भाजल्यात. सांगितलं न्हाय, ती माझी चूक. आता पोती हितं ठेवायची का न्यायची, तुमी ठरवा."

पोरांचं खाणं थांबलं. मी खुर्चीचा हात धरून बसलो होतो. ठमाबाई पोत्यांकडं बघत राहिली.

"चार वरसं?" ती म्हणाली. "गेल्या सालची चटणी जावयानं नेली ती परत दिली न्हाय. त्याच्या आदल्या सालची आमच्या सुनेच्या म्हायेरी गेली." तिनं पिशवी करिमाच्या मांडीवर टाकली. "कानानं तर कानानं. आज भाजायला सुरू कर, मी बसलेय."

ती खरंच बसली, आणि तिसरा टॅको मागितला. पोरांमध्ये पुन्हा हसणं, बोलणं सुरू झालं. करिमानं चुलीत लाकूड सारलं, कढई ठेवली, ठमाबाईचं जिरं ओंजळीत घेतलं. ते कढईत पडलं आणि तिनं डोळे मिटून हात वर केला. आमच्या फडात गणाच्या आधी असाच हात वर व्हायचा.

"गप बसा रे पोरांनो जरा," ती म्हणाली. "जिरं काय म्हनतंय, ते मला ऐकू द्या."