जाणारीचं नाव

फ्रान्समधल्या ल पुई शहराच्या वरच्या डोंगरात सेलेस्तीन हे नाव एके काळी घरटी एक तरी असायचं. मग मोठं युद्ध झालं, शहरातली मासिकं येऊ लागली आणि नव्या आयांनी जाकलीन, मोनिक असली नावं उचलली. एकोणीसशे तेहतीस साल उजाडेपर्यंत गावात दोनच सेलेस्तीन उरल्या. एक लेस विणणारी सेलेस्तीन रूशाँ, साठीला टेकलेली, बिनलग्नाची. दुसरी व्हियालांच्या गोठ्यातली तांबडी गाय.

गावातल्या टवाळांना एवढं पुरे होतं. "आमची सेलेस्तीन निदान दूध तरी देते," असं आंत्वान व्हियाला बायकोच्या मावशीच्या तोंडावर म्हणायचा. सेलेस्तीन हसायची आणि घरी जाऊन जळायची. स्वर्गातली, असा त्या नावाचा अर्थ. तिच्या आजीचं तेच नाव, आजीच्या धर्ममातेचंही, म्हणजे बाप्तिस्म्याला तिला हातात धरणारीचंही, तेच. रूशाँच्या घरात मुलीला धर्ममातेचं नाव देण्याची रीतच होती. सेलेस्तीन नावाची बाई हट्टी असते, राब राब राबते आणि दिल्या शब्दाला जागते, असं म्हाताऱ्या सांगत. ही जागली होती. बहीण मरताना तिची पोर नोएमी हिच्या पदरात पडली, तेव्हा आलेलं एकमेव स्थळ हिनं परत पाठवलं. बदल्यात, नोएमी आंत्वानची बायको झाली तेव्हा, तिच्याकडे आयुष्यात एकच गोष्ट मागितली.

"तुझ्या पहिल्या मुलीला माझं नाव दे. माझ्यामागे ते गायीवर नको राहायला."

"देईन की गं मावशी," नोएमी म्हणाली होती.

मार्चमध्ये, भर दुपारी, नोएमीला जुळ्या मुली झाल्या. पहिली गुटगुटीत, घर डोक्यावर घेणारी. दुसरी सोललेल्या सशाएवढी. सुईणीनं तिला उलटंपालटं केलं आणि म्हणाली, "पाद्रीबाबा येईपर्यंत ही काही थांबत नाही. बाप्तिस्म्याचं पाणी मीच घालते. नाव सांगा."

आंत्वानची आई मेलानी बोलली. त्या बाईच्या जिभेला हाड नव्हतं. "सेलेस्तीन ठेवा. स्वर्गातली ना? जाणारीला शोभेल. जाकलीन त्या थोरलीला. चांगलं नाव वाया कशाला घालवायचं?"

नोएमीनं भिंतीकडे तोंड फिरवलं. सेलेस्तीनच्या हातात ती मुठीएवढी पोर होती. धर्ममाता म्हणून नाव तिलाच उच्चारायचं होतं. तिनं उच्चारलं. सुईणीनं कपाळावर पाणी घातलं.

पण पोर मेली नाही. सेलेस्तीननं तिला लोकरीत गुंडाळून टोपलीत घातलं, टोपली चुलीजवळ ठेवली आणि स्वतः तिथेच मुक्काम ठोकला. लेस विणायची उशी, टाचण्या, दोऱ्याच्या फिरक्या, सगळं कोपऱ्यात पडून राहिलं. चिंधीच्या टोकानं ती थेंब थेंब दूध पाजायची आणि दिवसभर कानाशी लागायची, "सेलेस्तीन, ए सेलेस्तीन, गीळ पाहू." ईस्टरपर्यंत पोरीचे गाल भरले. दोघी बहिणी आता कपड्यांवरूनच ओळखू यायच्या. मावशी इतकी वेडी, की तिला आनंद झाला. तिनं गावभर सांगायला हवं होतं. पण दृष्ट लागेल म्हणून ती गप्प राहिली, आणि गाव आपलं धाकटी आज जाते की उद्या, असंच धरून बसलं होतं.

गेली थोरली. खोकला झाला, छातीत भरला आणि दोन दिवसांत संपली.

नोएमी रडली नाही. तिनं टोपलीतली बहीण उचलली, छातीशी धरली आणि शांतपणे म्हणाली, "ही जाकलीन आहे. सेलेस्तीन गेली."

"नोएमी, बाळा..."

"सेलेस्तीनच जाणार होती. सगळ्यांना ठाऊक होतं."

आधी सगळ्यांना वाटलं, हिचं डोकं फिरलं. मग मेलानी सावकाश म्हणाली, "फिरलं तर फिरू दे. नोएमी पण हातची गेली तर आपण काय करणार? बाहेर कुणाला कळतंय कोण कुठली ते?" आंत्वान चुलीत बघत होता. मेलानीनं सेलेस्तीनकडे वळून आवाज खाली आणला. "तुम्ही धर्ममाता. तुम्ही तोंड उघडलंत तर पाद्रीबाबा ऐकतील. बघा बुवा. नावच तर आहे."

तोंड उघडायला हवं होतं. हक्क तिचा, पोर तिनं जगवलेली. पण समोर नोएमी होती, सुकल्या डोळ्यांची, आणि तिच्या बोटांनी बाळाला इतकं आवळलं होतं की ते कळवळत होतं. सेलेस्तीननं फक्त ती बोटं सोडवली.

दफनाला अख्खं गाव आलं. पाद्रीबाबांनी पांढऱ्या पेटीवर हात ठेवून सेलेस्तीनला देवाच्या हवाली केलं. सुतारानं क्रूसावर तेच नाव रंगवलं होतं. बायका एकेक करून येऊन मावशीचा हात दाबत होत्या. "तुमचं नाव घेतलेली पोर हो, वाईट झालं." ती मान हलवत होती. त्या मातीखालच्या पोरीसाठी तिच्या खऱ्या, जाकलीन या नावानं कुणीच रडत नव्हतं, हे तिच्या मनात आलं आणि ती एकदम हुंदके देऊन रडायला लागली. लोकांना ते साहजिकच वाटलं.

त्यानंतर ती व्हियालांकडे फिरकली नाही. उन्हाळ्यात नोएमीच बाळाला घेऊन तिच्या दारात आली.

"मावशी, तू हिला एकदाही हाक मारली नाहीस."

"काय म्हणून मारू?"

"जाकलीन म्हण." नोएमीनं बाळ पुढे केलं. "सगळे म्हणतात, पण मला ते खोटं वाटतं. रात्र रात्र खोटं वाटतं. तू म्हटलंस तर खरं होईल."

सेलेस्तीननं मांडीवरची लेसची उशी खाली ठेवली आणि बाळ घेतलं. चांगलं जड लागलं ते. मावशीचा आवाज ऐकायला बाळानं तिच्या ओठांवर डोळे लावले.

"जाकलीन," ती म्हणाली.

बाळ बघतच राहिलं.

"पुन्हा म्हण ना."

तिनं पुन्हा म्हटलं. मग आणखी एकदा, मऊ आवाजात, चुलीजवळ म्हणायची तसं.

बाळ हसलं.