भोपाळहून परत आल्यावर

चौऱ्याऐंशीच्या डिसेंबरात मी भोपाळहून वाशीला परतले, तेव्हा माझे डोळे सुजलेले होते आणि सोसायटीत मला एकदम भाव आला होता.

मावशीकडे गेले होते. तो विषारी वायू सुटला तेव्हा तिथेच होते. पेपरातली बातमी प्रत्यक्ष पाहिलेली बाई आपल्याच जिन्यात राहते, याचा लोकांना केवढा अभिमान! बायका वाटीभर चिवडा घेऊन यायच्या आणि पलंगाच्या कडेला टेकायच्या. "वास कसा होता हो?" मिरच्या जाळल्यासारखा, म्हटलं की त्यांचा चेहरा पडायचा. त्यांना याहून मोठं काहीतरी हवं असायचं. एक जण तर पाहुण्यांना घेऊन आली.

सेक्रेटरींनी गच्चीवर शोकसभा ठेवली. दोन मिनिटं शांतता, माझं भाषण, मग चहा-बटाटेवडे. वडे आधी सांगितले, मला नंतर विचारलं.

मी बोलले. "मावशीच्या शेजारच्या म्हातारीनं माझा पदर धरला होता. मी तो हिसकावला आणि पळाले. ती जगली की मेली, मी अजून विचारलेलं नाही."

सेक्रेटरी हळूच म्हणाले, "ताई, हे सांगायची काय गरज होती? लोकांना जरा धीर येईल असं बोलायचं."

वड्यांचं ताट फिरलं. सगळ्यांनी खाल्ले. मला त्या माणसांची किळस आली. मीही दोन खाल्ले, मग स्वतःचीही आली.

त्यानंतर कोणी फिरकलं नाही. पण मला झोप नव्हती, रडूही येत नव्हतं. बेलापूर रोडच्या केमिकल कंपन्यांचा वास आला की मी खिडक्या लावून फटींत ओले टॉवेल कोंबायची.

त्या कंपन्यांजवळच्या तळवली गावची एक बाई दारावर कोलंबी विकायला यायची. टॉवेल बघून तिनं विचारलं. मी सगळं सांगितलं, म्हातारीसकट.

"आमच्या गावात त्यो वास रोजचाच हाय," ती म्हणाली. "आमी कुटं जानार? तू रडलीस का?"

"नाही."

"बस इथं. कोलंबी सोल. आन् मावशीला पत्र लिव, म्हातारीचं इचार."

मी उंबऱ्यात बसून सोलू लागले आणि रडले. तिनं पाठीवर हात फिरवला नाही. "पाठीतला काळा धागा नीट काढ," एवढंच म्हणाली.

पंधरा दिवसांनी मावशीचं उत्तर आलं. म्हातारी गेली होती. ते पत्र मी सोसायटीत कोणाला दाखवलं नाही. दाखवलं असतं तर आणखी एक सभा झाली असती.