वहीतला यजमान

माझ्या वडिलांनी आयुष्यात एकच खोटी नोंद केली, पण ती इतक्या सुबक अक्षरात की पुढे तिनेच त्यांचा घात केला.

आमचं घर रामकुंडावरच्या उपाध्यांचं. यजमान आला की त्याचं नाव, गाव, कुळ आणि येण्याचं कारण नामावळीच्या वहीत उतरवायचं, खाली त्याची सही घ्यायची. बेचाळीसच्या चळवळीत एक भूमिगत कार्यकर्ता आमच्याकडे लपायला आला. वडिलांनी त्याला सरळ यजमान करून टाकलं. मुंडण करवलं, पंचा नेसवला, खोट्या नावाने सही घेतली आणि कारण लिहिलं: वडिलांच्या अस्थी घेऊन आले. त्याचे वडील तिकडे गावी रोज जोर काढत होते. हा आमच्याकडे तेरा दिवस राहिला. आई सांगायची, "सुतक असून भूक काही कमी नव्हती हो."

स्वातंत्र्याला पंचवीस वर्षं झाली आणि सरकार स्वातंत्र्यसैनिकांना ताम्रपट देऊ लागलं. मी तेव्हा कॉलेजात होते. वडिलांनी कधी कुणाकडे काही मागितलं नव्हतं. हा ताम्रपट मात्र त्यांना हवा होता. अर्जासोबत त्या पाहुण्याचं पत्र लागणार होतं. ते आता पुढारी झाले होते. निरोप धाडला, तर जीपमधून स्वतः आले.

"दोन ओळी द्या," वडील म्हणाले. "इथे लपला होतात, एवढंच."

"गुरुजी, माझं चरित्र छापून झालंय. त्या दिवसांत मी सातपुड्याच्या जंगलात आहे."

"कंदमुळं खात?" आईने आतून विचारलं.

"तसंच छापलंय, वहिनी."

"पण आमच्या वहीत आहे ना," वडील म्हणाले.

"वहीत मी कुठे आहे? एक मुंडण केलेला यजमान आहे. तुमच्याच अक्षरात."

चहा संपवून ते गेले. मी वडिलांना म्हटलं, त्या नोंदीखाली खरं काय ते लिहा. ते म्हणाले, "वहीत मागाहून लिहीत नाहीत." अर्ज कोराच राहिला.

पुढाऱ्यांना ताम्रपट मिळाला. सत्काराला मंत्र म्हणायचं बोलावणं वडिलांनाच आलं. ते नाही म्हणतील अशी माझी खात्री होती. त्यांनी ठेवणीतलं उपरणं काढलं आणि गेले.

परत आल्यावर म्हणाले, "आज आवाज छान लागला."

त्या दिवशी मी त्यांना जेवायला वाढलं नाही.