वाळूवर भाजलेली काळी वडी

या वडीत अंडं नसतं. कृती सांगण्याआधी हे सांगून टाकते, कारण अठ्ठावीस वर्षं मी ही वडी करते आहे आणि अठ्ठावीस वर्षं मला पहिला प्रश्न तोच येतो. पूर्वी मी उत्तर देताना चिडत असे. आता चिडत नाही, पण उत्तर तेच आहे.

लग्न होऊन मी ठाण्याहून डोंबिवलीला आले तेव्हा पूर्वेला आमच्या चाळीच्या मागे भाताची खाचरं होती आणि मानपाड्याकडून डोक्यावर लाकूडफाट्याच्या मोळ्या घेऊन बायका विकायला येत. चाळीत सहा बिऱ्हाडं. पुढे सगळ्यांचा मिळून एकच लांब ओटा. आमच्या दोन खोल्यांत तिघं जण: मी, यजमान आणि सासूबाई.

सासूबाई तरुणपणीच विधवा झालेल्या. चार घरी सोवळ्याचा स्वयंपाक करून त्यांनी मुलाला शिकवलं होतं. श्राद्धपक्ष असो, बोडण असो, कुळधर्म असो, बोलावणं त्यांना. भल्या पहाटे विहिरीवर अंघोळ करून ओलेत्याने जात आणि दुपारी उन्हात, कोणाचा पदर लागणार नाही अशा बेताने रस्त्याच्या कडेकडेने परत येत. मुलगा शहाडच्या कारखान्यात लागल्यावरही त्यांनी ते काम सोडलं नाही. बरं झालं सोडलं नाही. आमच्या लग्नाच्या दुसऱ्या वर्षी यजमानांना विषमज्वर झाला आणि तीन महिने ते अंथरुणावर होते. त्या तीन महिन्यांत आमची चूल सासूबाईंच्या हातावर चालली.

डॉक्टरांनी पथ्याला ओट्सची पेज सांगितली. आमच्याकडे हे धान्य कोणी पाहिलेलं नव्हतं. माझ्या भावाने फोर्टातून दोन मोठे डबे आणून दिले. यजमानांनी पहिला चमचा तोंडात घेतला आणि वाटी बाजूला सारली.

"हे घोड्यांना घालतात," ते म्हणाले.

"घोडे विषमज्वराने पडत नाहीत," मी म्हटलं. पण वाटी तशीच राहिली. पुढे ते मऊभातावर बरे झाले आणि दीड डबा ओट्स फळीवर उरले.

मला टाकणं जमत नाही. ठाण्याला आमच्या शाळेत शिवण शिकवणाऱ्या एक ख्रिश्चन बाई होत्या. नाताळात त्या ओट्स, कोको आणि अक्रोड घालून एक वडीसारखा पदार्थ भाजत आणि आम्हा मुलींना चौकोनी तुकडे देत. कृती मी कधी विचारली नव्हती, पण चव लक्षात होती. अक्रोड आमच्याकडे कुठले? शेंगदाणे होते. कोकोचा एक डबा लग्नात आला होता आणि तो कशात घालायचा हे न कळल्यामुळे तसाच बंद होता.

दोन वाट्या ओट्स कोरडे भाजून घेतले. वाटीभर शेंगदाण्याचं जाडसर कूट, मूठभर कणीक, चार चमचे कोको, चिमूटभर मीठ, चिमूटभर खायचा सोडा. पाऊण वाटी गूळ अर्ध्या वाटी तुपात मंद विरघळवला, त्यात दोन चमचे दूध घालून सगळं एकत्र कालवलं. गूळ उकळू द्यायचा नाही. उकळला की वडी दगड होते. पहिल्यांदा माझी झाली.

प्रश्न भाजायचा होता. दिवाळीत चाळीतल्या आम्ही सगळ्या नानकटाईचं पीठ मळून बेकरीत नेत असू. बेकरीवाला पत्र्याचे ट्रे द्यायचा, प्रत्येकावर तांबड्या रंगात आकडा. आपापल्या आकड्यावर आपापल्या नानकटाया लावायच्या, भट्टीतून निघेपर्यंत बाहेर बाकावर बसायचं. आदल्या दिवाळीला शेवटी थोडं पीठ उरलं, तर बेकरीवाल्याने एक लहान पत्रा दिला, आकडा एकोणीस. त्याचा एक कोपरा मुडपलेला होता. "राहू दे बाई, मला नको आता हा," असं तो म्हणाला म्हणून मी तो घरी आणला होता.

यजमानांनी शहाडहून नदीची पिशवीभर वाळू आणली. मी ती लोखंडी घमेल्यात घालून शेगडीवर चांगली तापवली, त्यावर पत्रा ठेवला, वर दुसरं घमेलं पालथं घातलं आणि त्याच्या बुडावर निखारे पसरले. सासूबाईंची एकच अट होती: बेकरीचा पत्रा स्वयंपाकघराच्या उंबऱ्याच्या आत येणार नाही. म्हणून हे सगळं ओट्यावर. अर्ध्या तासाने घमेलं उचललं. कडा जरा जळल्या होत्या, मध्ये उत्तम. गरम असतानाच सुरीने वड्या पाडल्या.

त्याच घोड्यांच्या खाण्याच्या यजमानांनी एका बैठकीत चार वड्या खाल्ल्या. सासूबाईंनी वास घेतला आणि म्हणाल्या, "चांगलं झालेलं दिसतंय. मला देऊ नकोस." मी शनिवारचे शनिवार करू लागले.

तिसऱ्या की चौथ्या शनिवारी कोपऱ्यातल्या खोलीतल्या वहिनी कठड्याला टेकून उभ्या राहिल्या.

"केक करतेस होय गं?"

"वडी आहे वहिनी. घ्या ना."

"नको बाई, आज शनिवार." जरा थांबून, "वास मात्र केकचा येतोय हं. अगदी बेकरीसारखा."

आठवडाभरात गावातल्या वकीलीणबाईंचा निरोप आला. त्यांच्या सासऱ्यांचं श्राद्ध सहा दिवसांवर होतं. दर वर्षी स्वयंपाक सासूबाईंचा. निरोप असा की, या खेपेस दुसऱ्या बाई सांगितल्या आहेत. मागोमाग एका घरचं बोडणही हुकलं. कारण कोणी तोंडावर सांगेना. शेवटी पाणी भरताना कळलं: आमच्या घरात अंडं शिजतं.

यजमान अजून अर्ध्या दिवसाच्याच कामावर जात होते. मी रात्रभर विचार केला आणि सकाळी सासूबाईंना म्हटलं, "आई, मी बंद करते हे. पत्रा टाकून देते."

त्या वाती वळत होत्या. वर पाहिलंसुद्धा नाही. "अंडं घातलं होतंस?"

"नाही."

"मग बंद कशाला करायचं?"

त्याच दुपारी वकीलीणबाई स्वतः आल्या, बरोबर कोपऱ्यातल्या वहिनी. ओट्यावर चटई घातली. वकीलीणबाई वाईट नव्हत्या, हेही सांगायला हवं. त्यांना दुसऱ्या बाईंच्या हातची चव माहीत होती आणि ती त्यांना नकोच होती.

"काकू," त्या सासूबाईंना म्हणाल्या, "मला तुम्हीच हव्या आहात. पण लोक बोलतात, मी काय करू? सूनबाईंनी तो पत्रा टाकावा, घरात गोमूत्र शिंपडावं, आणि पुन्हा असलं करणार नाही एवढं म्हणावं. मी सगळ्यांना सांगते, झालं गेलं मिटलं."

वहिनी म्हणाल्या, "लहान आहे हो ती. नाही कळत."

सासूबाई माझ्याकडे वळल्या. "शेगडी पेटव. इथेच कर. आता."

मी पेटवली. सासूबाई पाटावर बसल्या आणि मी एकेक जिन्नस पुढे घेतला की मोठ्याने त्याचं नाव घेऊ लागल्या. "हे ओट्स. हे कूट. ही कणीक. हे मीठ, हा सोडा. हे तूप, लोणी मीच कढवलंय. वहिनी, जवळ या, लांबून दिसायचं नाही." एवढ्यात बाकीच्या बिऱ्हाडांतल्या बायकाही ओट्यावर आल्या. कोको निघाला तेव्हा एकीने विचारलं, "हे काय? शिकेकाई?" सगळ्या हसल्या. मी मात्र हसले नाही. मी जोरजोरात कालवत होते.

पीठ पत्र्यात थापलं. अंडं नव्हतं, ते साऱ्यांनी पाहिलं. वहिनी गप्प बसल्या असत्या तर गोष्ट तिथेच संपली असती.

"अंडं नसेलही," त्या म्हणाल्या, "पण पत्रा बेकरीचा ना! त्याच्यावर तिथे काय काय भाजलं असेल!"

मी तापलेल्या वाळूवर ठेवलेला पत्रा पकडीने उचलला आणि मुडपलेला कोपरा त्यांच्याकडे केला.

"एकोणीस," मी म्हटलं. "ओळखलात का वहिनी? दिवाळीला तुमचं पीठ उरलं होतं आणि माझंही. आपण दोघींनी मिळून यावर लावल्या होत्या. डावीकडच्या तुमच्या. तुम्ही वेलदोड्याचा दाणा लावला होता वर."

वहिनींनी पदर सावरला.

वकीलीणबाई हळूच त्यांच्याकडे वळल्या. "वेलदोड्याचा दाणा लावलेल्या? त्या तर तुम्ही मला फराळाच्या ताटात पाठवल्या होत्या."

"त्या... दिवाळीच्या वेगळ्या असतात," वहिनी म्हणाल्या.

"मी सहा खाल्ल्या," वकीलीणबाई म्हणाल्या. "आमच्या ह्यांनी दहा."

कोणीतरी मागे फिसकन हसलं. वाळूवर पत्रा ठेवून मी वर घमेलं घातलं आणि निखारे पसरले. कोणी उठलं नाही. सगळ्यांना आता वडी होईपर्यंत थांबायचंच होतं.

सासूबाईंनी उभ्या आयुष्यात बेकरीची नानकटाई खाल्ली नव्हती. चाळीतली प्रत्येक बाई हे जाणून होती. त्या शांतपणे म्हणाल्या, "म्हणजे या ओट्यावर न बाटलेली मी एकटीच उरले. वकीलीणबाई, तुमच्या घरी सोवळ्यात यायचं की नाही, याचा आता मलाच विचार केला पाहिजे."

"काकू, असं काय बोलता! परवा या. त्या बाईंना मी नको म्हणून सांगते."

"त्यांना बोलावलंय, तर त्यांनाच करू दे. त्यांच्या पोटावर का पाय द्यायचा? पुढच्या वर्षी बघू. आणि ही वडी आमच्याकडे होणार. दर शनिवारी होणार."

मला वाटलं होतं, त्या हो म्हणतील. आम्हाला त्या कामाची गरज होती, हे त्यांच्याइतकं कोणालाच माहीत नव्हतं. पण त्या उठल्या, आत गेल्या आणि पुन्हा वाती वळायला बसल्या.

वड्या झाल्या. दोघी-तिघींनी खाल्ल्या. शिकेकाई म्हणणारीने कृती विचारली. वहिनींनी एक वडी घेतली, पण हातात धरूनच घरी गेल्या. पुढे तिचं काय केलं, मला माहीत नाही.

सगळं सुरळीत झालं असं नाही. बोडणवाल्यांनी परत कधी बोलावलं नाही. तो महिना आम्ही पिठलं-भातावर काढला आणि आमटीत तुरीची डाळ मोजून घातली. पुढच्या वर्षी वकीलीणबाई श्राद्धाच्या पंधरा दिवस आधी स्वतः येऊन सांगून गेल्या. सासूबाई स्वयंपाकाला गेल्या आणि हयात असेपर्यंत जात राहिल्या. निघताना मुद्दाम सांगून जात, "शनिवार आहे गं आज, लक्षात आहे ना?"

त्यांनी ती वडी कधी चाखली नाही. वरच्या घमेल्यावर निखारे मात्र त्याच पसरायच्या. माझे एका बाजूला दाट पडतात आणि कडा जळते, अशी त्यांची तक्रार होती, आणि ती खरी होती.

आता माझ्याकडे विजेचा ओव्हन आहे. पत्रा तोच, एकोणीसमधला एक गेला, नऊ शिल्लक आहे. परवा सोसायटीतल्या एका बाईंनी विचारलंच, "यात अंडं नाही ना हो?"

"शनिवारी चार वाजता या," मी म्हटलं. "करताना शेजारी बसा."