आत्या खाली बसली

आमची आत्या कपड्यांच्या एका मोठ्या दुकानात कोटांच्या विभागात कामाला होती. तीन मजली दुकान, सरकते जिने, पण कामावरच्या माणसाला टेकायला साधं स्टूल नाही. गिऱ्हाईक असो नसो, उभं राहायचं. कुणी बसलेलं कॅमेऱ्यात दिसलं की वरून साहेब उतरलेच. घरी आली तरी आत्या चहा ओट्याला टेकून उभ्यानंच प्यायची. "अगं, बस की!" म्हणून आई करवादायची. "एकदा बसले की उठवत नाही," आत्या म्हणायची. आम्ही हसायचो. हसण्यासारखं त्यात काय होतं, देव जाणे.

त्या दिवशी दुकानात एक लहान मुलगी आईचा हात सोडून भटकली. आई खालच्या मजल्यावर टाहो फोडत होती. मुलगी आत्याला दिसली ती कोटांखाली, भिंतीला चिकटलेली. हाका मारल्या तशी ती आणखी आत सरकली. सरकेल नाही तर काय? तिला तिथून दिसत होते नुसते बूट. आत्यानं सोबत कामाला असलेल्या मुलीला तिच्या आईकडे पिटाळलं आणि स्वतः सरळ फरशीवर मांडी घातली.

"माझेपण पाय दुखतात गं," ती म्हणाली. "ये, दोघी बसू."

पोर बाहेर आली, मांडीत शिरली आणि रडून दमलेली ती तिथंच झोपली. इतक्यात साहेब आले. मुलगी हीच का, तिला कुठं लागलं का, काही नाही. पहिला शब्द काय, तर "आधी उठा!"

"हळू बोला, झोपलीय," आत्या म्हणाली आणि जागची हलली नाही.

मागोमाग आई धावत आली. लेकीला उराशी धरून तिनं आभार मानले, तेही साहेबांचे. आणि हा निर्लज्ज माणूस म्हणतो, "आमचं कर्तव्यच आहे!" घरी आत्याकडून हे ऐकून माझं तर डोकंच फिरलं.

दुसऱ्या दिवशी त्यानं आत्याला केबिनमध्ये बोलावलं. नियम मोडलात, चार लोकांदेखत उलट बोललात. माफी मागा, नाहीतर उद्यापासून येऊ नका. आत्याच्या पगारावर तिच्या मुलीचं कॉलेज चाललं होतं. ती गुपचूप माफी मागेल, असंच कुणालाही वाटलं असतं.

"मागते की," आत्या म्हणाली. "एक खुर्ची द्या. बसून मागते."

खुर्ची कुणी दिली नाही. कोटांपाशी आता दुसरी बाई आहे. परवा मी मुद्दाम जाऊन पाहिलं. उभी होती.