आधी 'मिळाले' लिहा, मग सही

नानांच्या सूनबाईंचा फोन आला तेव्हा मी चाकणच्या चौकात बसमध्ये अडकले होते. "ताई, नाना गेले... सकाळी चहा घेता घेता." पुढेमागे कंटेनर, नुसते हॉर्न. आणि माझ्या मनात काय यावं? चहा मिळाल्याचं नानांनी लिहून दिलं असेल का! हसू आलं, आणि मग रडू आवरेना. शेजारच्या बाईनं काही न विचारता पाण्याची बाटली पुढे केली.

नाना आमच्या सरकारी ऑफिसात हेडक्लार्क होते. चाकणजवळच्या जुन्या गावातले. जमीन कंपन्यांत गेली, बोली तेवढी राहिली. मी पाणीपट्टीच्या खिडकीवर बसायचे. संध्याकाळी दिवसभराची रक्कम नानांसमोर रोखपालांच्या हाती द्यायची, ती त्यांनी बँकेत भरायची. रजिस्टरात रोखपालांची सही झाली की इतर कुणालाही पुरलं असतं. नानांना पुरायचं नाही. "सही बघितल्याचीबी असती, पोरी. 'मिळाले' हे घेणाऱ्यानं सोताच्या हातानं लिवायचं." टाचण्यांची डबी नेणारा शिपाई असो की नवी खुर्ची घेणारे साहेब, कुणाची सुटका नव्हती. पाठीमागे आम्ही त्यांना 'मिळाले नाना' म्हणायचो. मला संत तुकाराम नगरची बस गाठायची घाई; त्यांचा सोपस्कार चाले तोवर मी दारात उभी राहून त्यांच्या नावानं बोटं मोडायचे.

मग एका वर्षी पावत्या आणि बँकेतला भरणा जुळेना. रोखपाल सरळ म्हणाले, पैसे बाईंनी दिलेच नाहीत, माझी सही नुसती रजिस्टर पाहिल्याची, 'मिळाले' मी लिहिलंच नाही. माझी चौकशी लागली. दोन लेकरं, नवरा शिफ्टला, आणि मी जिना चढले की बोलणाऱ्या बायका गप्प व्हायच्या... पुढे पोलीस तपासात रोखपालांवर खटला उभा राहिला. सरकारी वकील म्हणाले, पैसे त्यांच्या हाती आले हे आधी सिद्ध व्हायला हवं. मग ते कुठे गेले याचा खुलासा त्यांनाच द्यावा लागेल. ते सिद्ध झालं नाही, तर संशय पुन्हा माझ्यावर. सगळं येऊन ठेपलं 'मिळाले' या एका शब्दावर.

साक्षीला नाना कडक इस्त्रीचा सदरा घालून आले. आरोपीच्या वकिलांनी रजिस्टरातलं एक पान पुढे केलं. ही तारीख कोणाच्या हातची? आठवत नाही म्हटलं असतं तरी चाललं असतं. नाना म्हणाले, "माझ्या. त्या दिशी राह्यली, दुसऱ्या दिशी मी टाकली. चूक झाली साहेब."

"मग 'मिळाले'सुद्धा तुम्हीच लिहिलं असेल!"

"न्हाई साहेब. लिवलं असतं, तर तेबी सांगितलं असतं."

पुढे हस्ताक्षरतज्ज्ञांच्या अहवालातही 'मिळाले' रोखपालांच्याच हातचं निघालं, आणि रोखपालांना शिक्षा झाली. निकालाच्या दिवशी मी पाया पडले तर नाना ओशाळले. "माझ्या काय पडती? एका तारखेपायी तुला बुडवली असती म्या." ती तारीख त्यांना अखेरपर्यंत सलत होती. मला मात्र त्यांच्याइतका सरळ माणूस दुसरा भेटला नाही.

दर संक्रांतीला मी त्यांना तिळाच्या वड्या पाठवायचे. डबा परत यायचा तो कधी रिकामा नाही. आत गूळ किंवा शेंगा, आणि एक चिठ्ठी, 'वड्या मिळाल्या', सही, तारीख. तेराव्याला गेले तेव्हा सूनबाईंनी यंदाचा डबा पुढे केला. आत शेंगा होत्या आणि नानांच्या थरथरत्या अक्षरातली चिठ्ठी. "नाना म्हणाले होते, डबा देशील तवा ताईंकडनं लिहून घे," सूनबाई पदरानं डोळे पुसत म्हणाल्या.

मी पेन मागितलं. त्यांच्या सहीखाली लिहिलं, 'मिळाले'. सही केली. आणि तारीख टाकली... तिथल्या तिथे, माझ्याच हातानं.