उलट्या किमोनोतली आजीबाई

नेरिमातल्या आमच्या स्टुडिओत कुरामोची तेत्सुओ एकोणीस वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली कार्टूनची चित्रं काढत होता. चव्वेचाळिसाव्या वर्षी त्याला दिग्दर्शकाची खुर्ची मिळाली, तीही आधीचा माणूस आजारी पडला म्हणून. गडी इतका मवाळ, की दुसऱ्याची चूक दाखवायची झाली तरी आधी स्वतःच माफी मागायचा. मी रंग तपासायचे. मला त्याच्या या मवाळपणाची भारी चीड यायची.

मालिकेचा त्या वर्षीचा शेवटचा भाग होता. आजारातून उठलेली आजीबाई फाटकापाशी वाकून नातीला निरोप देते. जेमतेम सहा सेकंद. पण मागचा देखावा रंगवणाऱ्याने फाटक भलत्याच बाजूला काढलं. वेळ नव्हता, म्हणून कुरामोचीने आजीबाईचे कागद उलटे करून, खाली दिवा लावलेल्या काचेवर गिरवून घेतले.

गुरुवारी रंगवलेली चित्रं माझ्यापुढे आली. कागद उलटल्यामुळे किमोनोची उजवी बाजू डावीवर आली होती. तसा किमोनो आम्ही फक्त प्रेताला घालतो.

"कुरामोची-सान, जिवंतपणीच मारलंत की हो आजीबाईला!"

त्याने चित्र उचलून उजेडात धरलं. निर्माते हामासाकी धावत आले.

"सहा सेकंद! कोण बघतंय? शनिवारी दाखवायचंय. उशीर झाला तर पुढच्या वर्षी खुर्ची विसर, सांगून ठेवतो."

"माफ करा," कुरामोची म्हणाला. झालं, वाकला हा, असं मला वाटलं. "माफ करा, पण ती गेली असं लोकांना वाटेल. मी परत काढतो."

अठ्ठेचाळीस चित्रं. तो काढत होता, मी रंगवत होते. एका हाताने भाताचे गोळे खायचे, की पुन्हा काम. फिल्म शनिवारी, दाखवायच्या अगदी तीन तास आधी पोचली. वाहिनीवाल्यांनी हामासाकींना फैलावर घेतलं आणि सोमवारी खुर्ची दुसऱ्याला गेली. कुरामोची मुकाट्याने जुन्या टेबलाशी जाऊन बसला. मी संतापले, तर म्हणतो कसा, "इथे उजेड बरा येतो."

त्याच दुपारी अकिताहून त्याच्या आईचा फोन आला. तिला कमी ऐकू यायचं, त्यामुळे तिचं बोलणं अख्ख्या खोलीला ऐकू जायचं.

"तेत्सुओ, शेजारणीही आल्या होत्या रे बघायला! म्हातारी जाते की काय म्हणून जीव टांगणीला लागलेला. पण चांगली ठणठणीत आहे की! मग पुढच्या वर्षीही दिग्दर्शक तूच ना?"

"आजीबाई आहे, आई," तो म्हणाला. "पुढच्या वर्षीही ती आहे."